मोगऱ्याला पानंच पानं, कळी नाही

खतपाणी वेळच्या वेळी, तरी चैत्रात कळी नाही, म्हणून रत्नागिरीच्या परसातला मोगरा काढून कुंडीत लावू का, असं तुम्ही विचारलंय. काढू नका. रोजचं पाणी तोडा.

आमच्या घरात याच्यावरून वाद होता. काका म्हणायचे, झाडाला तहानलेलं ठेवणं आणि हिरवी फांदी कापणं म्हणजे पाप. वर दर महिन्याला मूठभर युरिया. झाड माणसाएवढं झालं, पण देवाला घालायला फूल नाही! मोगऱ्याची कळी नव्या फुटीच्या टोकाला धरते. जुन्या काड्या राखल्या की पानं पोसली जातात, आणि नत्र (युरियातलं नायट्रोजन) जास्त झालं की आणखीच.

डिसेंबरच्या सुरुवातीला पाणी बंद करा. दोनेक आठवड्यांत पानं मलूल होऊन पिवळी पडू लागली की झाड जमिनीपासून दीड फुटावर छाटा. वाळकी आणि आत वळलेली काडी बुडातून काढा, उरलेली पानं खुडा. बुंध्याभोवती चार बोटं खोल माती उकरून 4-5 दिवस ऊन द्या. मग मोठ्या झाडाला 10 किलो कुजलेलं शेणखत घालून आळं बांधा आणि पाणी सुरू करा. वर्षाला नत्र 60 ग्रॅम, स्फुरद (फॉस्फरस) आणि पालाश (पोटॅश) प्रत्येकी 120 ग्रॅम पुरे; अर्धं या शेणखताबरोबर, अर्धं पावसाचा जोर ओसरल्यावर, कारण धो-धो पावसात टाकलेलं वाहून जातं. स्फुरद नुसतं वरून फेकू नका. आपल्या जांभ्या मातीतलं लोह ते धरून ठेवतं. शेणखतात कालवून मुळांजवळ द्या. मार्चपासून कळ्या दिसतील.

कळ्या जांभळट होऊन गळत असतील तर ती कीड आहे, खताशी संबंध नाही. अशा कळ्या रोज वेचून जाळा आणि संध्याकाळी निंबोळी तेल 5 मिली प्रति लिटर, थोडा साबण घालून फवारा.

सहा तास ऊन नसेल तर यातलं काहीच उपयोगाचं नाही, माडाच्या दाट सावलीत मोगरा फुलत नाही. आणि हो, पहिल्या वर्षाच्या रोपाला असा पाण्याचा ताण देऊ नका, म्हणजे पाणी तोडू नका, मरेल. कुंडीतल्याला चार-पाच दिवसांचा ताण बास. भर पावसात छाटणी कोणी कितीही सांगितली तरी करू नका, कापलेली टोकं कुजतात.