लोक बोलतात, कुणाकुणाला उत्तर देत बसू?

"मी दिसले की बायकांचं बोलणं एकदम थांबतं. माझ्याबद्दलच चाललेलं असणार ना?" घटस्फोटानंतर आईवडिलांकडे राहायला आलेली ही तरुणी समुपदेशनासाठी माझ्याकडे आली होती. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.)

बहुधा हो, तिच्याबद्दलच. ते नाकारून मी तिची समजूत काढली नाही. "लक्ष देऊ नकोस" हे तिला सगळ्यांनी सांगून झालं होतं. सांगणाऱ्याचं काय जातं! मानसशास्त्रज्ञ नाओमी आयझेनबर्गर आणि सहकाऱ्यांनी २००३ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. संगणकावरच्या चेंडूफेकीत एखाद्याला मुद्दाम वगळलं, तर शारीरिक वेदनेच्या त्रासाशी निगडित मेंदूचा भाग सक्रिय झालेला दिसला. म्हणजे हिला लागत होतं ते फाजील हळवेपणामुळे नव्हे.

पण कुजबुजीपेक्षा जास्त नुकसान टाळाटाळीने केलं होतं. तिने लिफ्ट सोडली होती. चार मजले जिन्याने, तेही कानोसा घेत. कचऱ्याची पिशवी रात्री अकरानंतर. टाळलं की तेवढ्यापुरतं हायसं वाटतं, आणि म्हणूनच भीती वाढत जाते. त्यात आई एकीला "जावई परदेशी आहेत" सांगायची, दुसरीला "चार दिवस आलीय". कुणाला काय सांगितलंय, हे घरातल्या तिघांनी लक्षात ठेवायचं!

मी तिला विचारलं, खरं जाणून घ्यायचा हक्क कुणाकुणाला आहे? यादीत पाच नावं आली. बाकीच्यांसाठी आम्ही एकच उत्तर ठरवलं: "हो, आम्ही वेगळे झालो. त्याबद्दल मी बोलत नाही." मी खवचट शेजारीण झाले आणि तिला खोदून खोदून विचारलं. (ही भूमिका मला जरा जास्तच जमते.) खुलासा द्यायचा मोह तिला दर वेळी व्हायचा, पण खुलासा दिला की त्यातूनच पुढचा प्रश्न निघतो. मग लिफ्ट सुरू झाली, आधी दुपारी, नंतर संध्याकाळच्या गर्दीत.

झोप-भूक उडाली असेल किंवा जीव नकोसा वाटत असेल, तर मात्र अशा सरावावर विसंबू नका. त्याच दिवशी मनोविकारतज्ज्ञाला गाठा.

बोलणं अजून थांबलेलं नाही. ती आता खाली उतरते, थांबते, ठरलेलं वाक्य बोलते. आईची मात्र अजून जीभ अडखळते, "लोकांना तोंड कसं दाखवू" हे तिचंच दुखणं जास्त जुनं निघालं. पुढच्या आठवड्यापासून आई एकटी माझ्याकडे येणार आहे.