गझानियाला पाणी किती आणि ऊन किती?

प्रश्न : हिवाळ्यात आणलेली गझानिया या फुलझाडाची रोपं पावसाळ्यात बुंध्यापाशी कुजून बसतात, असं बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर भागातून विचारलंय. निपाणीच्या एका बागायतदारांची तक्रार अशी की रोप हिरवंगार आहे, कळ्याही येतात, पण फूल उमलत नाही. झेंडूसारखी लागवड करून बाजारात पाठवावं का, असंही त्यांनी विचारलंय.

उत्तर : हे झाड मूळचं दक्षिण आफ्रिकेचं. पाण्याचा ताण सोसतं, पण मुळाशी पाणी साचलेलं अजिबात सोसत नाही. खानापूरच्या पावसात ते उघड्यावर टिकेल ही आशा सोडा. कुंड्या जूनआधीच पागोळ्या लागणार नाहीत अशा उजेडाच्या जागी हलवा. जमिनीतलं मात्र हंगामी समजून दरवर्षी नवं लावावं. आवडता रंग राखायचा असेल तर बुंध्याजवळचे फुटवे पावसाआधी कुंडीत लावून ठेवा. संकरित वाणाचं घरचं बी तोच रंग देईल याची खात्री नाही.

पाऊस ओसरला की सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरात बी टाका. वर कोकोपीटचा (नारळाच्या काथ्याच्या भुशाचा) पातळ थर हवाच, अंधारात बी चांगलं रुजतं. चार-पाच पानं आली की २० ते २५ सेंमी अंतरावर लावा. तांबड्या मातीत फारसं काही करावं लागत नाही. निपाणी-चिकोडीकडच्या काळ्या रानात मात्र गादीवाफा करून वाळू नाहीतर बारीक मुरूम मिसळा. वरची माती सुकल्याशिवाय पाणी नको, तेही सकाळी आणि बुंध्याशी. रोज संध्याकाळी पाइप धरायची हौस या झाडाला मारते.

आता न उमलणारं फूल. गझानिया उन्हावर उघडतं. ढगाळ दिवशी आणि सांज झाली की मिटतं, तो रोग नव्हे. रोज किमान सहा तास थेट ऊन हवं, आंब्या-नारळाच्या सावलीत कळ्या मिटलेल्याच राहतील. रोप फार हिरवंगार असेल तर युरियाचा हात आखडा. लावताना मूठभर कुजलेलं शेणखत पुरतं. सुकलेली फुलं देठासकट खुडत राहा, म्हणजे नवीन कळ्या येतात. मावा (रस शोषणारी बारीक कीड) दिसला तर ५ टक्के निंबोळी अर्क फवारा.

बाजाराचं म्हणाल तर हारासाठी याचा उपयोग नाही, तोडलेलं फूल मिटून जातं. त्यापेक्षा फुलावर आलेली रोपं कुंडीत किंवा पिशवीत विका. गिऱ्हाईक चांगलं ऊन असताना बोलवा, तेव्हा फुलं उघडी असतात.