जुन्या बाजारात दिसलेला सोव्हिएत 'लाल तारा' घ्यावा का? अशी पदकं जमवायला सुरुवात कुठून करावी?

तुम्ही लिहिलंय की पुण्याच्या जुन्या बाजारात एका पथारीवर दोन रशियन पदकं दिसली. एक गडद लाल तारा, त्याचे विक्रेता साडेचार हजार सांगतोय. दुसरं पिवळं गोल मेडल, त्यावर 1918 आणि 1988 ही सालं, त्याचे आठशे.

गोल मेडल सोडून द्या. सोव्हिएत सैन्याला सत्तर वर्षं झाली त्या निमित्तानं ते लाखांनी वाटलं गेलं. पराक्रमाशी त्याचा संबंध नाही, मागे नंबर नाही, सोबत कागद नसेल तर कुणाचं होतं ते कधीच कळणार नाही. शोभेला हवं असेल तर दोनशेत मागा. माझ्याकडेही अशी पाच-सहा आहेत, सगळी पहिल्या वर्षाच्या उत्साहातली.

ताऱ्याचं वेगळं आहे. तो म्हणजे 'ऑर्डर ऑफ द रेड स्टार'; ऑर्डर हा मेडलपेक्षा वरच्या दर्जाचा सन्मान. ही ऑर्डर 6 एप्रिल 1930 ला सुरू झाली, 'ऑर्डर ऑफ लेनिन'बरोबर एकाच दिवशी. चांदीचा तारा, पाकळ्यांवर लाल मिना, मधोमध लांब कोट घातलेला बंदूकधारी सैनिक. वजन सुमारे 33 ग्रॅम, त्यात चांदी साडेसत्तावीस. एकूण 38 लाखांच्या आसपास दिले गेले, म्हणजे दुर्मीळ म्हणता येणार नाही. पण प्रत्येकाच्या पाठीवर स्वतंत्र नंबर असतो, आणि माझ्या मते सोव्हिएत पदकं जमवण्यातली सगळी गंमत त्या नंबरात आहे.

ब्रिटिश पदकांच्या कडेला शिपायाचं नाव कोरलेलं असायचं. सोव्हिएत पद्धतीत ऑर्डरवर नाव नाही, फक्त आकडा. तो ज्याला मिळाला त्याच्या पुस्तिकेत आणि सरकारी नोंद-कार्डावर चढायचा. महायुद्धातली शिफारसपत्रं मॉस्कोजवळच्या पोदोल्स्क इथल्या संरक्षण खात्याच्या अभिलेखागारात आहेत, आणि 2010 पासून रशियन संरक्षण खात्यानं त्यातली बरीचशी इंटरनेटवर टाकली. शोध मात्र नावानं लागतो, नंबरानं नाही. नंबरावरून नाव काढायचं तर कार्डापर्यंत पोचणारा माणूस लागतो, आणि तो पैसे घेतो.

माझा पहिला खरा तारा मी जर्मनीतल्या एका रविवारच्या बाजारातून आणला. दोन वर्षं माझ्या डोक्यात त्याचा मालक स्टालिनग्राडच्या ढिगाऱ्यात लढत होता. मग शोध घेणाऱ्याकडून उत्तर आलं: पुरवठा विभागातला अधिकारी, पंधरा वर्षं नोकरी पूर्ण केल्याबद्दल, 1949. झालं असं होतं की जून 1944 च्या हुकुमानं नुसत्या सेवाकाळावरही ऑर्डर मिळू लागल्या: पंधरा वर्षांना लाल तारा, वीसला 'रेड बॅनर', पंचवीसला थेट लेनिन. ही पद्धत 1950 च्या दशकाच्या उत्तरार्धात बंद झाली. त्यामुळे बरेचसे तारे रणांगणावरचे नसून हजेरीपटावरचे आहेत. दोन दिवस मी खट्टू होतो. आता तोच तारा मी पाहुण्यांना सगळ्यात आधी दाखवतो.

निखळ शौर्याचं काही हवं असेल तर 'झा ओत्वागू' म्हणजे 'धैर्यासाठी' हे मेडल शोधा. 17 ऑक्टोबर 1938 ला सुरू झालेलं, चांदीचं, वर तीन विमानं आणि खाली रणगाडा. हे सेवाकाळावर मिळत नसे, म्हणून साध्या शिपायांच्या मनात त्याला मोठ्या ऑर्डरींपेक्षाही जास्त मान होता. ते घेताना मी फसलोय, ते पुढे सांगतो.

सुरुवातीला या पदकांबरोबर पैसे यायचे. 'धैर्या'चे महिन्याला दहा रूबल, लाल ताऱ्याचे पंधरा, वर ट्रामप्रवास फुकट. 1 जानेवारी 1948 पासून ते बंद झालं आणि पुष्कळ जणांनी पदकं डब्यात टाकली. शिवाय माणूस गेला की ऑर्डर सरकारला परत करावी लागे. 1942 च्या 'पितृभूमी युद्ध' ऑर्डरचा तेवढा अपवाद होता, बाकीच्या कुटुंबाकडे राहू लागल्या त्या 1977 पासून. वरच्या थरात उलटा प्रकार. सोव्हिएत नेता ब्रेझनेव्हनं 1978 मध्ये महायुद्धातल्या सेनापतींसाठीची 'ऑर्डर ऑफ व्हिक्टरी' स्वतःला लावून घेतली, 1989 मध्ये त्याचा तो सन्मान रद्द झाला. आणखी पदकं मावावीत म्हणून त्याच्या छातीची रुंदी वाढवायची शस्त्रक्रिया झाली, असा विनोद तेव्हा रशियात फिरत असे.

या छंदाची काळी बाजूही आहे. 1983 साली मॉस्कोत व्हाइस अॅडमिरल खोलोस्त्याकोव्ह आणि त्यांच्या पत्नीचा राहत्या घरी खून झाला, तो पदकांसाठी. मारेकरी जोडपं पत्रकारितेचे विद्यार्थी म्हणून घरात शिरलं होतं. सोव्हिएत संघ कोसळल्यावर पेन्शनीत भागेना तेव्हा म्हाताऱ्यांनीच आपली पदकं बाजारात आणली. आज रशियात सोव्हिएत सरकारी पदकांची खरेदी-विक्री हा गुन्हा आहे. मॉस्कोला फिरायला गेलात आणि कुणी कोपऱ्यात नेऊन तारा दाखवला तर हात मागे बांधून पुढे चला. बॅगेत सापडला तर विमान चुकेल, एवढ्यावर भागणार नाही.

आता माझी फसगत. 'धैर्य' मेडल मी ऑनलाइन घेतलं, फोटो झकास होता. हातात आल्यावर अक्षरांच्या कडा गुळगुळीत, पृष्ठभागावर बारीक टोचे, आणि ओळखीच्या सराफानं काट्यावर ठेवून सांगितलं, "यात चांदी नाही." ते ओतीव होतं. टाकसाळीतलं असतं तर ठशाचं असतं, रणगाड्याची रेघन्‌रेघ भिंगाखाली दिसली असती. ताऱ्यात मिनाही बघा. मूळ मिना काचेसारखी असते आणि टवका उडतो तोही काचेसारखा. दुरुस्त केलेल्या ठिकाणी नखानं दबणारा रंग लागतो.

बरं, सोव्हिएत सन्मान भारताला अगदीच परके नाहीत. राकेश शर्मांचा 1984 चा 'सोव्हिएत संघाचा वीर' किताब सगळ्यांना माहीत आहे. पण त्याच्या चाळीस वर्षं आधी, 1944 मध्ये, रॉयल इंडियन आर्मी सर्व्हिस कोअरच्या सुभेदार नारायण राव निक्कम आणि हवालदार गजेंद्र सिंग यांना हाच लाल तारा मिळाला होता. रशियाला रसद पोचवण्याच्या कामाबद्दल. निक्कम हे आडनाव पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी खुर्चीत सरसावून बसलो होतो.

तर पुढच्या बुधवारी किंवा रविवारी जाताना भिंग आणि छोटा वजनकाटा न्या. तारा पालथा केलात की मागे मळसूत्राची दांडी आणि त्यावर चकतीसारखी फिरकी दिसेल. बऱ्याचदा नंबर तिच्याखाली झाकलेला असतो. फिरकी काढून दाखवायला सांगा. विक्रेता कुरकुरला तर कुरकुरू द्या. आत हातानं कोरलेला आकडा आणि वर रशियन अक्षरांत 'मोनेत्नी द्वोर' हा टाकसाळीचा शिक्का असेल, वजन जुळत असेल, तर तीन हजारांपासून बोलायला सुरुवात करा. आणि नंबर मला कळवा.