वाचकांचे प्रश्न : पुरूला कुणी विचारलं?

बाई, आमच्या वडिलांचं आवडतं पुस्तक म्हणजे वि. स. खांडेकरांची कादंबरी ‘ययाती’. त्यांच्या आग्रहाखातर मीही वाचलं. मला ययातीपेक्षा पुरूचाच राग आला. बापाला स्वतःचं तारुण्य कुणी देतं का? कॉलेजात मनोविश्लेषणवाला फ्रॉइड शिकलो होतो, त्याच्या मते मुलाला बाप वाटेतून दूर व्हायला हवा असतो. इथं तर बापच मुलाला गिळतोय. मग फ्रॉइड आपल्याला लागू पडत नाही का?
– एक वाचक, मिरज (वय २६)

तुला एकेरीच लिहिते. माझे विद्यार्थी तुझ्याच वयाचे असायचे.

फ्रॉइडने इडिपस राजाची कथा घेतली, ती सोफोक्लीजच्या नाटकातून. नकळत बापाला मारणारा आणि आईशी लग्न करणारा मुलगा. त्या कथेची सुरुवात मात्र आपण सगळेच विसरतो. तान्ह्या बाळाचे घोटे टोचून त्याला डोंगरावर टाकून द्यायचं फर्मान सुटलं ते बापाच्या घरातूनच. म्हणजे ग्रीकांकडेही पहिला वार मुलाने केलेला नाही.

आपल्याकडे तो वार लपवलेलासुद्धा नाही. महाभारतात शापाने म्हातारा झालेला ययाती ‘तुझं तारुण्य मला दे’ असं आधी थोरल्या यदूला विचारतो, मग तुर्वसूला, द्रुह्यूला, अनूला. चौघेही नाही म्हणतात आणि चौघांनाही शाप मिळतो. धाकटा पुरू हो म्हणतो आणि त्याला राज्य मिळतं. शंतनूला सत्यवती हवी असते, म्हणून देवव्रत राज्य आणि लग्न दोन्ही सोडतो आणि ‘भीष्म’ होतो. दर भाद्रपदात आपण ज्याला वाजतगाजत घरी आणतो, त्याचं डोकं बापानेच उडवलेलं असतं. कवी आणि लोककथांचे अभ्यासक ए. के. रामानुजन यांनी भारतीय इडिपसवरच्या त्यांच्या निबंधात हेच दाखवून दिलं की आपल्या कथांत मुलगा बापाला मारत नाही. बाप मागतो, मुलगा देतो आणि देणाऱ्याची आरती होते. त्याच्याही आधी कोलकात्याचे गिरींद्रशेखर बोस, ज्यांनी १९२२ साली भारतीय मनोविश्लेषण संस्था काढली, त्यांनी फ्रॉइडला पत्रातून कळवलं होतं की ही इडिपसची गाठ आमच्या रुग्णांत युरोपातल्यासारखी दिसत नाही.

आणि आपल्या मराठी घरातलीच एक गोष्ट आहे. बाळाच्या पाचवीला पाटा-वरवंट्याशेजारी कोरा कागद आणि पेन ठेवतात, ते तुझ्याही वेळी ठेवलं असेल. रात्री सटवाई येते आणि कपाळी नशीब लिहून जाते. इरावती कर्वे यांनी १९५० साली एका लोककथेवर छोटा लेख लिहिला. त्यात या सटवाईचीच मुलगी आईला खनपटीला बसून विचारते, माझ्या नशिबी काय लिहिलंस? उत्तर येतं, तुझं लग्न तुझ्या मुलाशी होईल. ती रानात पळून जाते, पण लिहिलेलं टळत नाही. शेवटी सगळं कळतं तेव्हा ती इडिपससारखे डोळे फोडून घेत नाही. गप्प राहते आणि संसार करते. या कथेचा मी फार विचार केला आहे. इथं कथा आईच्या बाजूने सांगितली जाते आणि पापापेक्षा प्राक्तन मोठं ठरतं. माणसाच्या मनातली भीती तीच असेल, पण ती भीती कुणाच्या तोंडून बोलते आणि शेवटी कुणाला झळ लागते, ते प्रत्येक मुलूख आपलं आपण ठरवतो. म्हणून फ्रॉइड लागू पडतो का, यापेक्षा आपली कथा कुठे वळते ते बघ.

आता ‘ययाती’. खांडेकर आपल्या सांगलीतच जन्मले, १८९८ साली. कादंबरी आली १९५९ मध्ये. तिच्यात ययाती स्वतः बोलतो, देवयानी बोलते, शर्मिष्ठा बोलते. तिघांनाही ‘मी’ म्हणायची संधी आहे. पुरूला नाही. ज्याने सगळ्यात जास्त दिलं, त्याचं निवेदन त्या कादंबरीत नाही. तुझा राग त्या रिकाम्या जागेतून आलेला आहे असं मला वाटतं, आणि तो वाचक म्हणून अगदी योग्य आहे.

तो राग आणखी एकाला आला होता. गिरीश कार्नाड तुझ्याहून लहान होते तेव्हा. ते ऑक्सफर्डला निघाले होते, घरच्यांना भीती की पोरगा परत येणार नाही. त्या ओढाताणीत त्यांच्या हातून एक नाटक लिहून झालं, ते ययातीवर. आपण नेमकी हीच कथा का उचलली, हे त्यांना नंतर उमगलं आणि त्यांनी ते मोकळेपणाने लिहूनही ठेवलं. घरच्यांना तोंडावर जे बोलता येत नव्हतं, ते महाभारतातून बोललं गेलं. नेणिवेचं काम म्हणतात ते हे. त्यांच्या नाटकात पुरूला बायको आहे, चित्रलेखा. नवरा एका रात्रीत म्हातारा झालेला पाहून ती सासऱ्याला जाब विचारते आणि विष घेते. पुरूच्या त्यागाची किंमत पुरू एकटा देत नाही, हे तिच्यामुळे पहिल्यांदा दिसतं.

ते नाटक मिळव. वाच आणि मग वडिलांना वाचायला दे. त्यांना ‘ययाती’ का आवडते, हेही एकदा विचार. प्रश्न उलटतपासणीचा नको. त्यांच्या तरुणपणी त्यांनी कुणाला काय दिलं, हे तुला माहीत आहे का?

मॅडम, मी पटकथा लिहितोय. आमच्या भागातली पोरं गलाईच्या, म्हणजे सोनं-चांदी आटवून शुद्ध करायच्या धंद्याला परराज्यात जातात, त्यातल्या एकाची गोष्ट. एका कार्यशाळेत ‘नायकाच्या प्रवासा’चे बारा टप्पे शिकवले. सगळ्या जगाच्या पुराणकथा त्यातच बसतात म्हणे. माझी गोष्ट शेवटी येऊन अडते.
– एक वाचक, विटा

ते टप्पे मुळात पुराणकथांचे अभ्यासक जोसेफ कॅम्बेल यांचे. १९४९ च्या त्यांच्या ग्रंथात सतरा होते. निघणं, कसोटी, परतणं असे तीन भाग. ख्रिस्टोफर वोगलर यांनी सिनेमावाल्यांसाठी ते बारा केले. जॉर्ज लुकास यांनी ‘स्टार वॉर्स’साठी कॅम्बेलचं ऋण मानलं आणि तेव्हापासून कार्यशाळांत तो तक्ता फळ्यावर येतोच. तक्ता खोटा नाही. पण तो गोष्ट लिहून झाल्यावर तपासायला चांगला, लिहिण्याआधी फार घातक.

तुमचं अडतं ते ‘परतण्या’पाशी, असं मी धरून चालते. कॅम्बेलचा नायक अमृत घेऊन गावी येतो आणि गावाचं भलं होतं. गलाईवाला येतो तो यात्रेला आणि दिवाळीला. गावात बंगला बांधतो, वर गच्ची, पुढे ग्रील, आणि बंगल्याला वर्षभर कुलूप. मागे म्हातारी जुन्याच घरात राहते, कारण नव्यात तिला करमत नाही. तो परतला का? तुमच्या सिनेमाचा प्रश्न हाच आहे आणि बारावा टप्पा त्याचं उत्तर देणार नाही. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’तला (२०१३) जब्या काळी चिमणी शोधतो. तिची राख टाकली की शालू आपली होईल, अशी त्याची समजूत. तक्त्याप्रमाणे ती वस्तू नायकाला मिळायला हवी. मिळत नाही. शेवटी त्याच्या हातात दगड येतो आणि तो दगड पडद्यावरून थेट आपल्या, प्रेक्षकांच्या अंगावर येतो. जिथे तक्ता मोडला, तिथेच तो सिनेमा उभा राहिला.

एक गोष्ट मात्र तुमच्याजवळ आहे जी कुठल्याच कार्यशाळेत मिळणार नाही. मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांनी उतारवयातली कितीतरी वर्षं युरोपातल्या जुन्या किमयागारांच्या, म्हणजे हलक्या धातूचं सोनं करू पाहणाऱ्यांच्या पोथ्या वाचण्यात घालवली. १९४४ मध्ये त्यावर मोठा ग्रंथ काढला. त्यांचं म्हणणं असं की ही माणसं मुशीत धातू वितळवत होती, पण त्या मुशीत त्यांना दिसत होतं ते स्वतःचंच मन. आणि तुमचा नायक तर रोज भट्टीपाशीच बसतो! त्याला माहीत असतं की मोडीचं सोनं शुद्ध करायचं तर आधी त्यात आणखी चांदी घालावी लागते. मग नायट्रिक अ‍ॅसिड. तांबूस धूर निघतो, डोळे चुरचुरतात, चांदी विरघळून जाते आणि तळाशी उरते ती तपकिरी भुकटी. सोनं आहे असं सांगितलं नाही तर कुणी झाडून टाकेल. ती पुन्हा आटवली की मग पिवळा गोळा दिसतो. किमयागारही पहिल्या टप्प्याला काळेपणाचाच टप्पा म्हणत. पंधरा-सोळा वर्षांचा पोरगा ती भुकटी पहिल्यांदा बघतो आणि त्याला वाटतं की आपण शेठचं सोनं घालवलं. हा प्रसंग लिहा. गुरू, उंबरठा, गुहा सगळं त्यात आपसूक येईल, कुणाला नाव घेऊन सांगावं लागणार नाही.

आणि म्हातारीला चार संवाद देऊन सोडू नका. वर मिरजेच्या वाचकाला पुरूबद्दल लिहिलंय, ते तिलाही लागू आहे.

स्नेहसंमेलनात रामायणावर नाटक बसवतेय. सगळ्या मुलांना रावण व्हायचंय, रामाला कुणी तयार नाही. पालक म्हणतात, मुलांवर काय संस्कार होतायत? मी काय उत्तर देऊ?
– एक शिक्षिका, कवठे महांकाळ

पालकांना सांगा, हे सांगलीत १८४३ सालीही असंच होतं. विष्णुदास भाव्यांनी चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाखाली ‘सीता स्वयंवर’ केलं तेव्हापासून त्या नाटकांत राक्षसपार्टी ‘अललडुर्र’ करत रंगमंचावर यायची आणि लोक त्यावर खूश असायचे. आपण स्वतःतला जो भाग चारचौघांत दाखवत नाही, त्याला युंगने ‘छाया’ म्हटलं. राग, हाव, आरडाओरडा, मीच मोठा ही भावना. वर्गात दिवसभर हाताची घडी घालून बसणाऱ्या मुलाला दहा तोंडांनी ओरडायला मिळतंय, मग तो सोडेल कशाला? मिशा लावून ओरडून घेतलेला राग हा मधल्या सुट्टीत धाकट्यावर काढलेल्या रागापेक्षा केव्हाही बरा.

रामाला कुणी तयार नाही, याचं कारण मला संहितेत दिसतं. शाळेतल्या नाटकांत राम नुसता उभा असतो आणि आशीर्वाद देतो. त्याला सीतेच्या शोधात रडणारा, झाडावेलींना विचारत फिरणारा प्रसंग द्या. तो वाल्मीकींनी लिहिलेलाच आहे. मग चिठ्ठ्या टाका, आणि रावण झालेल्याकडून एका तालमीत रामाचं काम करून घ्या, रामाकडून रावणाचं.