‘इश्तार’ म्हणजे आपली ‘तारा’ का?

प्रश्न असा आला आहे: “सुमेरियन लोकांच्या प्रेम आणि युद्धाच्या देवीला कुठे ‘इनाना’ म्हटलेलं असतं, कुठे ‘इश्तार’. देवी एकच की दोन? शिवाय ‘इश्तार’ हा शब्द आपल्या ‘तारा’ किंवा ‘स्त्री’वरून गेला आणि ईस्टरचा सणही मूळचा तिचाच, असं एका फॉरवर्डमध्ये वाचलं. खरं का?”

‘स्त्री’शी संबंध नाही. ईस्टरशी तर मुळीच नाही. ‘तारा’बद्दल मात्र थोडं सावकाश बोलावं लागेल.

आधी दोन नावांचं पाहू. ‘इनाना’ सुमेरी, ‘इश्तार’ अक्कदी. सुमेरी भाषेला जगात नातेवाईक सापडलेला नाही. अक्कदी ही अरबी-हिब्रूच्या सेमिटिक घराण्यातली. आजच्या दक्षिण इराकात या दोन्ही भाषा शतकानुशतकं शेजारी नांदल्या. देवी मुळात बहुधा दोन असाव्यात, पण अक्कदचा राजा सार्गोन याच्या काळापर्यंत, म्हणजे इ.स.पू. २३०० च्या आसपास, त्या एकरूप झालेल्या दिसतात. सार्गोनची मुलगी एन्हेदुआना ही उर गावी चंद्रदेवाची मुख्य पुजारीण होती, आणि तिच्या नावावर असलेली इनानेची सूक्तं सुमेरी भाषेत आहेत. बाप अक्कदी, सूक्तं सुमेरी. दोन नावांचा संसार असा एकाच घरात चालला होता.

लिपीचाही त्याला हातभार लागला. खिळ्यांच्या ठशांसारख्या दिसणाऱ्या क्यूनिफॉर्म लिपीत या देवीचं स्वतंत्र चिन्ह होतं. सुमेरी वाचणारा तिथे ‘इनाना’ म्हणणार, अक्कदी वाचणारा ‘इश्तार’. आपण ‘५०’ लिहिलं की मराठी माणूस ‘पन्नास’ वाचतो आणि हिंदी माणूस ‘पचास’, तसंच हे. गंमत म्हणजे पुढे तिचं नाव नुसत्या ‘१५’ या आकड्यानंही लिहीत. तिचा बाप चंद्र, त्याचा आकडा महिन्याच्या दिवसांवरून ३०, लेकीला त्याच्या निम्मे.

आता ‘इनाना’ची फोड. पुस्तकांत सर्रास सापडते ती ‘निन-आन-अक’. ‘निन’ म्हणजे स्वामिनी, ‘आन’ म्हणजे आकाश आणि ‘अक’ हा षष्ठीचा प्रत्यय. एकूण अर्थ आकाशाची स्वामिनी. इथे ‘निन’चा अर्थ ‘राणी’ असा घट्ट धरू नये. सुमेरीत स्त्रीलिंग-पुल्लिंग असा व्याकरणाचा भेदच नाही, आणि निनुर्ता, निन्गिर्सू या देवांच्या नावांतही हाच ‘निन’ आहे. ते दोघे चांगले दाढीमिशीवाले देव. ‘धनी’ आणि ‘धनीण’ दोन्हींना एकच शब्द असावा, तसा हा प्रकार.

पण या फोडीवर एक आक्षेप आहे आणि मला तो वजनदार वाटतो. देवीच्या चिन्हात ना ‘निन’ आहे ना ‘आन’. ते चिन्ह आलंय बोरूच्या जुडीवरून: उंच बांधलेली जुडी, वरचं टोक कडं करून वळवलेलं, खाली शेपटासारखा लोंबता भाग. उरुक या तिच्या गावी, इ-आना देवळाच्या परिसरात, अलाबास्टर या मऊ, फिकट दगडाचा एक कोरीव कलश मिळाला. तो पाच हजार वर्षांपूर्वीचा आहे. नैवेद्य घेऊन निघालेल्या माणसांच्या रांगेपुढे देवीच्या दाराशी अशा दोन जुड्या उभ्या आहेत. (२००३ मध्ये बगदादच्या संग्रहालयातून हा कलश चोरीला गेला आणि दोन महिन्यांनी तुकड्यांत परत आला.) त्यामुळे नाव सुमेरीपेक्षाही जुनं असावं आणि ‘आकाशाची स्वामिनी’ हा अर्थ भक्तांनी मागाहून बसवला असावा, असं काही अभ्यासक म्हणतात. विटेवर उभा म्हणून ‘विठ्ठल’, ही फोड आपण कीर्तनात ऐकतोच. भक्ती व्युत्पत्तीला थांबत नाही.

‘इश्तार’चं गणित वेगळं. तिचं जुनं सेमिटिक रूप ‘अथ्तर’सारखं होतं, आणि त्याच्या सुरुवातीला अरबी ‘ऐन’चा घशातला उच्चार होता. अक्कदीत तो उच्चार झिजला आणि जाता जाता पुढच्या ‘अ’चा ‘ए’ करून गेला: आधी ‘एश्तर’, मग ‘इश्तार’. दक्षिण अरबस्तानात ‘अथ्तर’ हा पुरुष देव आहे. सीरियाच्या किनाऱ्यावरच्या उगारितमध्ये देव ‘अथ्तर’ आणि देवी ‘अथ्तर्त’ अशी जोडी सापडते. या स्त्रीलिंगी रूपाचंच ग्रीकांनी ‘अस्तार्ते’ केलं. अक्कदी ‘इश्तार’ला मात्र स्त्रीलिंगाचा तो ‘त’ नाही. म्हणजे नावाची घडण पुरुषी आणि मूर्ती बाईची. असिरियाचा राजा असुरबानिपाल याच्या एका स्तोत्रात तर त्याच्या राजधानीतल्या, निनेवेच्या, इश्तारला दाढी आहे.

हा घोळ आपल्याला परका वाटू नये. तिचा ग्रह शुक्र, पहाटे आणि संध्याकाळी दिसणारा. आपल्या पुराणांत शुक्र म्हणजे असुरांचे गुरू, पक्के पुरुष. पण आभाळाकडे बोट दाखवून आपण म्हणतो ‘शुक्राची चांदणी’.

आणि म्हणूनच ‘तारा’चा मोह पडतो. संस्कृत ‘तारा’, फारसी ‘सितारा’, ग्रीक ‘अस्तेर’, इंग्रजी ‘स्टार’ ही सगळी एका कुळातली. ‘तारा’मधला ‘स’ गळला आहे. ऋग्वेदातल्या ‘स्तृभिः’ (ताऱ्यांनी) या रूपात तो अजून शाबूत आहे. या कुळाचा मूळ शब्द आणि सेमिटिक ‘अथ्तर’ यांच्यात फार पूर्वी उसनवारी झाली असावी, असं काही विद्वानांनी सुचवलं आहे आणि इतरांनी ते नाकारलं आहे. झाली असलीच, तरी ती संस्कृत जन्मण्याच्या कितीतरी आधीची. त्यामुळे ‘आपल्या तारावरून त्यांची इश्तार’ हे विधान कुठल्याही बाजूनं टिकत नाही.

‘स्त्री’ हा शब्द अवेस्तात, म्हणजे पारशांच्या प्राचीन धर्मग्रंथातही, ‘स्त्री’च आहे. म्हणजे तो भारतीय-इराणी घरचा. त्याच्या आरंभी ‘इ’ नाही आणि घशातला उच्चारही नाही. जुळतात ती फक्त तीन व्यंजनं.

ईस्टरचं उत्तर मला सगळ्यात आवडतं. हे नाव मुख्यतः इंग्रजी-जर्मनचं. बाकीचा बराच युरोप ‘पेसाह’ या ज्यूंच्या सणाच्या हिब्रू नावावरून आलेलं नाव वापरतो. गोव्यातलं ‘पास्कांचें फेस्त’ त्याच घरातलं, पोर्तुगिजांमार्फत आलेलं. ‘ईस्टर’ शब्दाचा उगम बीड नावाच्या इंग्रज साधूनं इ.स. ७२५ मध्ये ‘ईओस्त्रे’ या देवीशी जोडला, आणि या नावाचं मूळ पहाट या अर्थाचं आहे. त्याच मुळाची संस्कृत शाखा कोणती? ‘उषस्’. फॉरवर्डवाल्यांना ईस्टरमध्ये आपलं काही शोधायचंच होतं तर उषा दारात उभी होती. ते बाबिलोनला कशाला गेले कोण जाणे.

आता ‘प्रेम आणि युद्धाची देवी’ या बिरुदाबद्दल. मराठीत ‘प्रेमाची देवी’ म्हटलं की काहीतरी मायाळू, आईसारखं डोळ्यांपुढे येतं. इनाना तशी नाही. आईपण हा तिचा प्रांतच नव्हे. तिथे ‘काम’ किंवा ‘शृंगार’ जवळचा. आणि एका बाबिलोनी सूक्तात लढाई हा तिचा सण म्हटला आहे. इच्छा पेटणं हे दोन्हीकडचं समान सूत्र, म्हणून मी ‘शृंगार आणि संग्रामाची देवी’ असं लिहीन.

तिच्या पाताळप्रवासाच्या काव्याची पहिली ओळ या दृष्टीनं पाहण्यासारखी आहे. सात दारांवर एकेक अलंकार उतरवत ती बहिणीच्या, एरेश्किगालच्या, राज्यात जाते, ती ही कथा. सुरुवात शब्दशः अशी: थोरल्या वरून थोरल्या खालीकडे तिनं कान लावला. सुमेरीत ‘गेश्तुग’ म्हणजे कान आणि बुद्धीसुद्धा. इंग्रजी भाषांतरांत इथे बहुतेकदा ‘मन’ येतं. मराठीत ‘कान लावला’ तसंच ठेवता येतं, फक्त मन वळवल्याचा अर्थ तळटीपेत द्यावा.

लिहिताना उरुक, एन्हेदुआना, पाताळप्रवास असा सुमेरी संदर्भ असेल तर ‘इनाना’. बाबिलोन, निनेवे असेल तर ‘इश्तार’. दोन्हीकडचं एकत्र सांगायचं असेल तर ‘इनाना-इश्तार’ असं जोडून चालतं. ‘इनान्ना’ चूक नाही, पण मूळ लिपीत व्यंजन दोनदा लिहिलं म्हणजे उच्चारही जोडच, असं नसतं. मी एकाच ‘न’वर भागवतो.