क्विक सॉर्टचा वर्स्ट केस मर्ज सॉर्टपेक्षा वाईट, तरी तो फास्ट कसा?

तुमचा प्रश्न असा की एन आकडे क्रमाने लावायला मर्ज सॉर्टचं काम कायम एन लॉग एन, क्विक सॉर्टचं वर्स्ट केसला, म्हणजे सगळ्यात वाईट डेटा आला तर, एन स्क्वेअर, मग सगळे क्विकलाच फास्ट का म्हणतात. बिग ओचं टेबल पाठ करणाऱ्या प्रत्येकाला हे खटकायला हवं खरं तर.

बिग ओ, म्हणजे हे एन लॉग एन वगैरे, वेळ सांगतच नाही हो, डेटा वाढला की काम कसं वाढतं तेवढंच सांगतं आणि पुढचा कॉन्स्टंट, म्हणजे ठरावीक गुणक, खाऊन टाकतं. १० लाख आकडे घ्या, एकेक आकडा उचलून जागी बसवणाऱ्या इन्सर्शन सॉर्टला सरासरी २५ हजार कोटी तुलना लागतील, मर्जला साधारण २ कोटी, इथे वादच नाही. पण क्विक आणि मर्ज सरासरीला दोघंही एन लॉग एन, तिथे टेबल गप्प. उलट नुसत्या तुलना मोजल्या तर साध्या क्विकला जास्तच लागतात! तरी तो पुढे जातो कारण सगळी अदलाबदल त्याच अ‍ॅरेमध्ये, म्हणजे मेमरीतल्या सलग यादीत, मर्जला लावलेले अर्धे भाग जोडायला दुसरा अ‍ॅरे लागतो आणि डेटा सारखा इकडून तिकडे कॉपी होत राहतो. शिवाय क्विक मेमरीत सलग सरकतो त्यामुळे कॅशचा, म्हणजे प्रोसेसरजवळच्या छोट्या जलद मेमरीचा, फायदा मिळतो. हीप सॉर्ट बघा, वर्स्ट केसलाही एन लॉग एन, जास्तीची मेमरी नाही, कागदावर एकदम गुणी बाळ, पण अ‍ॅरेत लांब लांब उड्या मारतो आणि तिथेच मार खातो.

आता तो वर्स्ट केस. क्विक एक एलिमेंट पिव्हट धरतो, त्याहून लहान डावीकडे, मोठे उजवीकडे टाकतो आणि दोन्ही भागांना परत तेच करतो. पहिलाच एलिमेंट पिव्हट धरा आणि १ २ ३ ४ ५ असा आधीच लावलेला डेटा द्या. १ पिव्हट, डावीकडे काही नाही, उजवीकडे ४ जण. मग २ पिव्हट, परत डावीकडे काही नाही... तुलना ४+३+२+१, म्हणजे १०. हाच डेटा इन्सर्शन सॉर्ट ४ तुलनांत संपवतो! पिव्हट रँडम घेतला की ही भानगड जवळजवळ मिटते, आणि सी प्लस प्लसच्या लायब्रऱ्यांत बहुतेक इंट्रोसॉर्ट असतो, तो सुरुवात क्विकने करतो आणि रिकर्शन, म्हणजे भागांचे परत भाग करणं, फार खोल गेलं की सरळ हीप सॉर्टवर जातो.

मर्ज टाकाऊ आहे असं मात्र समजू नका. २००२ साली टिम पीटर्सने पायथनसाठी लिहिलेला टिमसॉर्ट म्हणजे मर्ज आणि इन्सर्शनचीच जोडी. जावात तर दोन्ही सापडतात, इंटच्या, म्हणजे नुसत्या आकड्यांच्या, अ‍ॅरेला क्विकचा प्रकार आणि ऑब्जेक्टला टिमसॉर्ट, कारण सारख्या किमतींचा आधीचा क्रम टिमसॉर्ट जपतो, क्विक जपेलच असं नाही. सारख्या मार्कांच्या पोरांचा आधीचा नावावारी क्रम बिघडला तर लगेच दिसतं, पण नुसत्या आकड्यांत दोन ७ मधला कुठला आधी होता ते कुणाला कळतंय.