राहू, व्हल्कन आणि मोबाइलमधला दुसरा सूर्य

या वेळच्या बहुतेक पत्रांत एकच शंका आहे: आकाशात जे दिसलं किंवा ऐकलं, ते खरंच तिथे आहे का?

प्रश्न : शेतातून मावळत्या सूर्याचा फोटो काढला. सूर्याच्या खाली एक फिकट हिरवा गोळा आला आहे. गावाच्या ग्रुपवर सगळे म्हणतात, हा निबिरू ग्रह. काय समजावं? (यावल)

फोटो काढताना डोळ्यांना किती सूर्य दिसले? एकच ना? मग दुसरा मोबाइलच्या भिंगांतला आहे. तीव्र प्रकाश भिंगाच्या एका पृष्ठभागावरून दुसऱ्यावर परावर्तित होतो आणि सूर्याचं फिकट भूत उमटतं. उद्या पुन्हा बांधावर उभे राहा आणि मोबाइल हळूहळू डावी-उजवीकडे फिरवा. सूर्य पडद्यावर एका बाजूला सरकेल आणि हा गोळा बहुतेक वेळा विरुद्ध बाजूला पळेल. आकाशातला ग्रह तुमच्या मनगटाच्या तालावर नाचत नाही.

निबिरूचं नाव बाबिलोनी लेखांतलं आहे. तो पृथ्वीवर आदळणार ही गोष्ट मात्र अलीकडची. आधी २००३ साल सांगितलं गेलं, ते गेल्यावर २०१२. दोन्ही वर्षी आपल्याकडे केळी आणि कापूस नेहमीसारखे बाजारात आले. दरम्यान नासाच्या ‘वाइज’ दुर्बिणीने अवरक्त प्रकाशात सगळं आकाश धुंडाळलं. २०१४ मध्ये निष्कर्ष आला की सूर्य-पृथ्वी अंतराच्या दहा हजार पटींपर्यंत शनीएवढा आणि सव्वीस हजार पटींपर्यंत गुरूएवढा कोणताही अज्ञात ग्रह नाही. याहून लहान, दूरच्या एखाद्या ग्रहाचा शोध चालू आहे, पण तो कुणाच्या फोटोत येण्याइतका जवळ नाही.

प्रश्न : माझी आजी म्हणते, ‘चांदले गिऱ्हान लागनं’ म्हणजे राहूने चंद्राला गिळलं. शाळेत सावली शिकवतात आणि पंचांगात राहू असतोच. मग तो आहे की नाही? (चाळीसगाव)

चाळीसगावहून हा प्रश्न यावा हे छानच झालं. तुमच्याच तालुक्यात पाटणादेवीला एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी तिथे मठ काढला. त्या मठाला १२०७ च्या सुमारास मिळालेल्या दानाची नोंद त्यात आहे. आजोबांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ ११५० मध्ये लिहिला, आणि तुमच्या प्रश्नाचं उत्तर त्यातच सापडतं.

भास्कराचार्यांचा युक्तिवाद मला अजूनही फार आवडतो. चंद्रग्रहण चंद्राच्या पूर्व कडेपासून लागतं, सूर्यग्रहण सूर्याच्या पश्चिम कडेपासून. अर्धा झाकलेल्या चंद्राची टोकं बोथट दिसतात, सूर्याची टोकदार. चंद्रग्रहण बराच वेळ चालतं, सूर्यग्रहण लवकर आटोपतं. गिळणारा एकच राक्षस असता तर असं झालं असतं का? म्हणजे झाकणारे दोन आहेत. चंद्राला झाकते ती पृथ्वीची मोठी सावली आणि सूर्याला झाकतो तो छोटा चंद्र. हे सांगून झाल्यावर त्यांनी पुराणांचाही मान राखला: देवाच्या वराने राहू त्या सावलीत शिरतो, म्हणून कशालाच विरोध नाही! हा चतुरपणा होता की श्रद्धा, ते तुम्हीच ठरवा. गणितात मात्र त्यांनी राक्षसाला जागा दिली नाही.

आता पंचांगातला राहू. चंद्राची वाट सूर्याच्या वाटेशी सुमारे पाच अंशांनी कललेली आहे. या दोन वाटा दोन ठिकाणी छेदतात, तेच राहू आणि केतू. पौर्णिमा किंवा अमावास्या या बिंदूंजवळ आली तरच ग्रहण होतं, नाहीतर दर महिन्याला ग्रहण लागलं असतं. हे बिंदू उलटे सरकत सुमारे साडेअठरा वर्षांत एक फेरी पुरी करतात. म्हणजे राहूला अंग नाही, तेज नाही, वजन नाही, पण पत्ता पक्का आहे. म्हणूनच तो इतकी शतकं टिकला. खग्रास ग्रहणातला चंद्राचा तांबडा रंगही राहूचा नव्हे. पृथ्वीच्या हवेतून वळून सावलीत शिरलेला तो सूर्यप्रकाश असतो.

आजीला खोडून काढू नका. ‘दे दान, सुटे गिराण’ ही आरोळी त्यांनी ऐकली असेल, तर ती कोण देत असे आणि दान काय पडत असे, हे त्यांच्याकडून लिहून घ्या.

प्रश्न : शास्त्रज्ञांनीही कधी खोटा ग्रह खरा मानला आहे का? (धुळे)

मानला, आणि चांगली पन्नास-पंचावन्न वर्षं. युरेनसच्या चालीतला फरक पाहून फ्रान्सच्या ल व्हेर्ये यांनी गणिताने एका ग्रहाची जागा काढली. १८४६ मध्ये बर्लिनच्या वेधशाळेला नेपच्यून जवळपास तिथेच सापडला. बुधाच्या चालीतही थोडा फरक होता. एकदा फळलेली युक्ती माणूस पुन्हा वापरतोच. १८५९ मध्ये ल व्हेर्ये म्हणाले की बुधाच्या कक्षेच्या आत आणखी काहीतरी फिरत असावं. खेडेगावातल्या एका डॉक्टरने सूर्याच्या बिंबावरून काळा ठिपका जाताना पाहिल्याचं कळवलं आणि ग्रहाला व्हल्कन हे नावही मिळालं. पुढच्या ग्रहणांत लोक त्याला शोधत राहिले. १८७८ मध्ये तर तो दिसल्याचा दावाही झाला, पण सांगितलेल्या वेळी सांगितलेल्या जागी तो काही आला नाही. १९१५ मध्ये आइन्स्टाइन यांच्या गुरुत्वाच्या नव्या सिद्धान्ताने शतकाला ४३ विकलांचा (विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग) तो फरक ग्रहाशिवायच सुटला. व्हल्कन चुकीचा होता, पण तपासता येत होता. निबिरूवाल्यांना तेवढंही जमलेलं नाही.

प्रश्न : मी कथा लिहिते आहे. तोरणमाळवर रात्री स्वतःच्या तेजाने चमकणारा ग्रह उगवतो. विज्ञानात बसेल का? (शहादा)

बसवता येईल. नवजात मोठे ग्रह आतल्या उष्णतेने तापलेले असतात. २०१३ मध्ये सुमारे ८० प्रकाशवर्षांवर असा एक ग्रह सापडला. त्याला सूर्यच नाही, तो एकटाच भटकतो. गुरूच्या सुमारे तेरा ते ऐंशी पट जड गोल ‘तपकिरी बटू’ ठरतात. ते ताऱ्यासारखे हायड्रोजन जाळत राहू शकत नाहीत आणि हळूहळू निवत जातात. पण तुमचा ग्रह निळा-पांढरा झगमगता ठेवू नका. फुंकर न घातलेल्या निखाऱ्यासारखा मंद तांबूस ठेवा. दुसरी अडचण गुरुत्वाची. एवढा जड गोल चंद्राएवढा दिसण्याइतका जवळ आला, तर तोरणमाळवर बघायला कोणी उरणार नाही. त्याला ठिपकाच राहू द्या. आणि सातपुड्यातल्या माणसांच्या तोंडी आयतं पुराण घालू नका. आधी तिथे जाऊन, ताऱ्यांना ते काय म्हणतात ते ऐका.

प्रश्न : २७ ऑगस्टला दोन चंद्र दिसणार का? (अमळनेर)

नाही. २७ ऑगस्ट २००३ ला मंगळ जवळपास साठ हजार वर्षांत सर्वांत जवळ, सुमारे साडेपाच कोटी किलोमीटरवर आला होता. पंचाहत्तर पट मोठं दाखवणाऱ्या दुर्बिणीतून तो साध्या डोळ्यांना दिसणाऱ्या चंद्राएवढा दिसेल, असं तेव्हाच्या संदेशात होतं. संदेश फिरता फिरता त्यातली दुर्बीण गळाली, साल पुसलं गेलं आणि मंगळच दुसरा चंद्र ठरला. शिवाय ऑगस्टात आपल्याकडे ढगांतून खरा चंद्र दिसला तरी पुष्कळ.